आनंदी देशाची उदास पुस्तकं : वाचकांचे प्रश्न, फिनलंड विशेष

मागच्या अंकात मी सहज एक ओळ टाकली होती की सध्या फिनलंडच्या पुस्तकांच्या मागे लागलेय, आणि त्या एका ओळीवर इतके प्रश्न आले की बाकीचे विषय सरळ पुढच्या महिन्यावर ढकलले. सगळ्यांना उत्तर देणं काही जमणार नाही, सारखे प्रश्न एकत्र केलेत, राग मानू नका.

प्रश्न : ताई, वाढदिवसाला मैत्रिणीने 'सिसु'वरचं एक पुस्तक दिलं. इंग्रजी आहे, छोटंसं, फोटो मस्त. थंडगार पाण्यात डुबकी मारा, सायकलने ऑफिसला जा, जंगलात चाला, असं सगळं. वाचताना छान वाटलं पण मिटल्यावर हातात काही राहिलं नाही. हे सिसु खरंच असतं की नुसतं मार्केटिंग?

उत्तर : दोन्ही. शब्द खरा आहे आणि जुना आहे. 'सिसुस' म्हणजे आतला भाग, आतडी वगैरे, त्यातून सिसु आला, म्हणजे चिवट दम, हार न मानणं. आपला दम छातीत असतो, यांचा पोटात, एवढाच फरक. १९२८ पासून तिथे सिसु नावाच्या काळ्या गोळ्या मिळतात, ज्येष्ठमधाच्या चवीच्या, पहिली गोळी तोंडात टाकली तेव्हा मला वाटलं कोणीतरी चुकून खोकल्याचं औषध दिलंय. १९३१ पासून सिसु नावाचे ट्रक आहेत. आणि १९४० च्या जानेवारीत, रशियाबरोबरची लढाई ऐन भरात असताना, अमेरिकेतले पेपर आणि मासिकं हा शब्द वाचकांना समजावून सांगत होती. म्हणजे बाहेरच्या जगाला सिसु कळला तो युद्धामुळे, सायकलमुळे नाही.

मार्केटिंगचा भाग असा की डेन्मार्कचं 'ह्यूग' (मेणबत्त्या लावून घरात उबदार, निवांत बसणं) जोरात खपलं, मग प्रकाशक प्रत्येक उत्तरेकडच्या देशात एकेक शब्द शोधत फिरायला लागले. स्वीडनला 'लागोम' (सगळं बेताचं, पुरेसं) सापडला, फिनलंडला सिसु. २०१८ मध्ये कात्या पँट्झारचं आणि योआना न्यूलुंडचं अशी दोन पुस्तकं आली. तुमचं त्यातलंच एखादं असणार. वाईट नाहीत हो, पँट्झार कॅनडात वाढलेली आहे त्यामुळे बाहेरून आलेल्या माणसाला हेलसिंकीत काय वेगळं वाटतं ते ती चांगलं सांगते. पण त्यात इतिहास येतो तो मिठाएवढा. त्याच लाटेत मिस्का रांतानेनचं 'कल्सारिकॅन्नि'वरचं पुस्तक आलं, म्हणजे कुठेही न जाता घरी अंडरवेअरवर बसून एकट्याने दारू पिणे, यासाठी त्यांच्याकडे एक सबंध शब्द आहे, आणि त्यांच्या परराष्ट्र खात्याने २०१५ मध्ये त्याचे इमोजीसुद्धा काढले होते. मला विचाराल तर या सगळ्यात प्रामाणिक पुस्तक तेच.

सिसुबद्दल गंभीरपणे वाचायचं असेल तर एमिलिया लाहतीचं 'जेंटल पॉवर' (२०२३) बघा. तिने या विषयावर संशोधन केलंय आणि ती उलटी बाजूही मांडते, की सिसु जास्त झाला की माणूस मदत मागत नाही, दुखणं अंगावर काढतो, आणि दुसऱ्यानेही तसंच करावं अशी अपेक्षा ठेवतो. हे वाक्य तुमच्या फोटोवाल्या पुस्तकात सापडणार नाही.

प्रश्न : पुतण्या अकरावीत आहे, दिवसभर त्या फिनलंडच्या स्नायपरचे व्हिडिओ बघतो. पाचशे माणसं मारली वगैरे. म्हटलं वाचायला काहीतरी द्यावं म्हणजे निदान नीट तरी कळेल. विंटर वॉरवर एकच पुस्तक घ्यायचं तर कुठलं? — एक काका

उत्तर : काका, एकावर भागणार नाही, दोन घ्या. पहिलं विल्यम ट्रॉटरचं 'अ फ्रोझन हेल', १९९१ चं. लष्करी इतिहास म्हटलं की लोकांना डिव्हिजन नंबर आणि नकाशे आठवून जांभई येते, हे तसं नाही, गोष्टीसारखं वाचता येतं. फिनलंडच्या बाजूने थोडं जास्तच झुकलेलं आहे, पण सुरुवातीला चालतं.

पुतण्याला आधी साधा हिशोब सांगा. ३० नोव्हेंबर १९३९ ला सोव्हिएत फौजा सरहद्द ओलांडून आल्या आणि १३ मार्च १९४० ला तह होऊन लढाई थांबली, १०५ दिवस. फिनलंडची लोकसंख्या तेव्हा ३७ लाखांच्या आसपास. त्यातले जवळपास २५ हजार गेले. आणि एवढं सगळं करून फिनलंड ती लढाई हरला, हे व्हिडिओत कोणी सांगत नाही! वीपुरि शहरासकट कारेलियाचा, म्हणजे पूर्व सरहद्दीवरच्या मुलखाचा, मोठा तुकडा गेला आणि चार लाखांवर माणसं घरं सोडून अलीकडे आली, म्हणजे देशातल्या दर नऊ-दहा जणांमागे एक. देश राहिला, स्वातंत्र्य राहिलं, पण जिंकले नाहीत.

तो स्नायपर म्हणजे सिमो हॅयहॅ, शेतकरी माणूस, कोल्ला नदीच्या आघाडीवर होता. पाचशेवर आकडा सांगतात. मला त्याच्यापेक्षा त्याची बंदूक जास्त इंटरेस्टिंग वाटते, कारण तो दुर्बीण लावतच नव्हता, साध्या लोखंडी माशीवर नेम धरायचा. दुर्बीण लावली की डोकं थोडं वर उचलावं लागतं, आणि काच उन्हात चमकते. ६ मार्चला जबड्यात गोळी लागली, चेहरा कायमचा वाकडा झाला, नंतर कुत्री पाळली, शिकार केली, आणि २००२ मध्ये ९६ व्या वर्षी गेला. हे शेवटचं पुतण्याला जरूर सांगा, की तहानंतर तो माणूस अजून बासष्ट वर्षं जगला आणि त्यातली बहुतेक गावाकडे, गाजावाजा न करता.

खरी गोष्ट सुओमुस्सल्मीच्या जंगलात आहे. राते नावाचा एक अरुंद रस्ता, दोन्ही बाजूंना दाट झाडी, थंडी उणे ४० च्या खाली, आणि त्या रस्त्यावर सोव्हिएतची ४४ वी डिव्हिजन रणगाडे-ट्रकांसकट लांबच लांब अडकलेली. फिनिश सैनिक स्कीवरून जंगलातून यायचे, रस्ता मधेच तोडायचे, परत पुढे जाऊन तोडायचे, असे तुकडे. या तुकड्याला ते 'मोत्ति' म्हणायचे. मोत्ति हा मूळ लाकूडतोड्यांचा शब्द, जंगलात ओंडके कापून एक घनमीटरचा ढीग रचतात आणि तिथेच सोडून देतात, मग सवडीने येऊन उचलतात. शत्रूचंही तेच, कापा, रचा, थंडीत राहू द्या. आधी गावातला कामाचा शब्द, मग तोच शब्द मरणासाठी. फिन्निश लोकांच्या हातात रणगाडाविरोधी तोफा जवळजवळ नव्हत्याच, म्हणून सरकारी दारू कंपनीच्या रायामॅकीच्या कारखान्यात पेट्रोल वगैरे भरलेल्या लाखो बाटल्या तयार झाल्या, बाजूला काडी चिकटवलेली, त्याला त्यांनी सोव्हिएत परराष्ट्रमंत्र्याचं नाव दिलं, मोलोतोव कॉकटेल. जगभर दंगलीत फेकतात ना, त्याचं बारसं इथलं.

दुसरं पुस्तक मात्र कादंबरी, आणि ती घेतल्याशिवाय पहिलं देऊ नका. वॅइनो लिन्नाची 'टुन्टेमातोन सोतिलास', म्हणजे अज्ञात सैनिक, १९५४. लिन्ना तांपेरेच्या कापड गिरणीत कामगार होता, दिवसा गिरणी, रात्री लेखन. विषय विंटर वॉरचा नाही, त्यानंतरचा, १९४१ ते १९४४ चा, ज्याला ते 'पुढचं युद्ध' म्हणतात. यात फिनलंड जर्मनीच्या जोडीने उतरला होता, गेलेला मुलूख परत घेतला आणि जुन्या हद्दीच्याही पलीकडे गेला. आमचं युद्ध वेगळं, हिटलरचं वेगळं, असं फिनिश लोक बराच काळ म्हणत राहिले. त्यांच्या सैन्यात ज्यू सैनिकही होते आणि आघाडीवर त्यांचं प्रार्थनाघरसुद्धा होतं, हे खरं, आणि १९४२ मध्ये आठ ज्यू निर्वासितांना जर्मनांच्या हवाली केलं, हेही खरं. 'छोटा शूर देश' एवढंच वाचलेल्या माणसाला इथे ठेच लागते, लागू द्या.

कादंबरीत मशीनगन कंपनीतली साधी पोरं आहेत, वरिष्ठांना शिव्या घालतात, भुकेने कावतात, विनोद करतात, एकेक करून मरतात. प्रत्येकजण आपापल्या गावची बोली बोलतो. रोक्का म्हणून एक जण आहे, कारेलियाचा शेतकरी, त्याचं घरच गेलेलं आहे, अफाट लढतो पण साहेबाला सलाम करायचं नाव काढत नाही. समजा एकाच पलटणीत एक मालवणी, एक वऱ्हाडी, एक अहिराणी आणि एक कोल्हापूरकर भरती केला आणि सगळे आपापल्या भाषेतच भांडतायत, तसं. इंग्रजीत ते बरंचसं जातं. १९५७ चं जुनं भाषांतर तर मुळीच घेऊ नका, फार वाईट आहे, २०१५ चं लीझल यामागुचीने केलेलं 'अननोन सोल्जर्स' घ्या. मूळ पुस्तकातही प्रकाशकाने तेव्हा बरंच काही कापलं होतं, अधिकाऱ्यांवरची टीका, शिव्या, आणि न कापलेली प्रत थेट २००० मध्ये छापली. लिन्ना पुढे त्यांच्या तेव्हाच्या २० मार्कच्या नोटेवर आला. गिरणी कामगार, साहेबांना शिव्या घालणारी कादंबरी, आणि नोटेवर फोटो! तिच्यावर तीन सिनेमे झाले, १९५५, १९८५, २०१७, त्यातला पहिला दर ६ डिसेंबरला, त्यांच्या स्वातंत्र्यदिनाला, टीव्हीवर लागतो.

आणि एक, हे आपलं उगाच. फिनलंडला युद्धाची भरपाई म्हणून सोव्हिएतला जहाजं आणि यंत्रं द्यावी लागली, आधी ३० कोटी डॉलरची ठरली, पुढे रक्कम कमी झाली, ते १९५२ मध्ये फिटलं. त्याच वर्षी हेलसिंकीत ऑलिंपिक, म्हणजे आपले खाशाबा जाधव ब्राँझ घेऊन आले ते. मुळात तिथे १९४० लाच ऑलिंपिक ठरलं होतं, युद्धामुळे बारगळलं. खाशाबांची गोष्ट शंभर वेळा ऐकली असेल, पण ते ज्या देशात लढले त्या देशाने नुकतीच ही भरपाई फेडत आणली होती हे मला फार उशिरा कळलं.

प्रश्न : फिनलंड दरवर्षी आनंदी देशांत पहिला येतो म्हणून मी त्यांच्या दोन कादंबऱ्या वाचल्या. दोन्हीत भूक, बर्फ आणि मरण. मग हे आनंदी कसले?

उत्तर : अहो, हाच प्रश्न मला पण पडला होता. आधी ते रँकिंग म्हणजे काय बघा. माणसांना विचारतात, एक शिडी आहे समजा, ० खालची पायरी, १० वरची, तुमचं आयुष्य कितव्या पायरीवर? फिनिश लोकांची सरासरी साधारण ७.७ येते आणि २०१८ पासून २०२५ पर्यंत दरवर्षी पहिला नंबर. 'आज तुम्ही हसलात का' हा तो प्रश्न नाहीच. आपलं बरं चाललंय, अडलं तर कोणीतरी आहे, एवढं वाटलं तरी माणूस आठवी पायरी सांगतो.

त्या 'कोणीतरी आहे' वर वाचायचं तर अनु पार्टानेनचं 'द नॉर्डिक थिअरी ऑफ एव्हरीथिंग' (२०१६) घ्या. फिनिश पत्रकार, अमेरिकेत राहायला गेली आणि तिथे साध्या साध्या गोष्टींची धास्ती बसली, विमा, शाळा, बाळंतपण. वेल-बीइंगवरचं हे मला सगळ्यात पटलेलं पुस्तक, कारण यात मेणबत्त्या नाहीत, व्यवस्था आहे. फिनलंडमध्ये बाळ व्हायचं असेल तर सरकारकडून एक पुठ्ठ्याचं खोकं मिळतं, त्यात बाळाचे कपडे, दुलई वगैरे, आणि तळाला गादी, म्हणजे खोक्यातच बाळ झोपवता येतं. १९३८ ला गरीब आयांसाठी सुरू झालं, १९४९ पासून सगळ्यांना. पण अट अशी की आधी वेळेत दवाखान्यात तपासून घ्यायचं! खोक्याच्या आमिषाने बाया डॉक्टरकडे आल्या. सिसुच्या पुस्तकांत हे खोकं कधी नीट येत नाही आणि माझी खरी तक्रार तीच आहे.

आणि भूक का, तर ती फार लांबची नाही. १८६६ ते १८६८ च्या दुष्काळात त्यांचे सुमारे ८ टक्के लोक गेले. पाइनच्या सालीचा आतला थर वाळवून दळून पिठात मिसळायचे. अकि ओल्लिकाइनेनची 'व्हाइट हंगर' त्यावरच आहे (तुमच्या दोनांतली एक बहुतेक हीच), बारकी आहे, एक बाई दोन पोरांना घेऊन बर्फातून सेंट पीटर्सबर्गच्या दिशेने चालत निघते. मी ती एका बैठकीत वाचली आणि नंतर जेवायला बसले तेव्हा पानात काही टाकवेना. आत्महत्यांचं प्रमाणही १९९० च्या सुमारास तिथे फार वर गेलं होतं, १९८६ पासून देशभर त्यावर कामाला लागले आणि आता ते जवळपास निम्म्यावर आलंय. मग आठवी पायरी कुठून आली ते कळतं थोडं.

प्रश्न : साउनाने, म्हणजे त्या गरम खोलीत वाफ घेत बसण्याने, आयुष्य वाढतं असं पुस्तकात वाचलं. खरं का?

उत्तर : ज्या अभ्यासावरून हे लिहितात तो २०१५ चा, पूर्व फिनलंडमधले २३१५ मध्यमवयीन पुरुष, वीसेक वर्षं पाठपुरावा. आठवड्यातून चार ते सात वेळा साउना घेणाऱ्यांत हृदयविकाराने अचानक मरण्याचं प्रमाण एकदाच घेणाऱ्यांपेक्षा कमी दिसलं. पण मुळात धडधाकट माणूसच रोज साउनात बसू शकतो, हेही लक्षात घ्या, आणि त्यात बायका नव्हत्याच. हृदयाचा त्रास असेल तर पुस्तकाला नाही, डॉक्टरला विचारा.

साउना वाचायचाच असेल तर अलेक्सिस किविची 'सात भाऊ' (१८७०) वाचा. सात अडाणी, भांडकुदळ भाऊ, शिकायला लागू नये म्हणून जंगलात पळतात, ख्रिसमसला साउना घेतात, पितात, हाणामारी करतात, झोपडीला आग लागते, आणि नुसत्या सदऱ्यावर, अनवाणी, बर्फातून पळत सुटतात, मागे लांडगे. त्या काळच्या एका बड्या समीक्षकाने या पुस्तकाची पार चिंधी केली आणि किवि ३८ व्या वर्षी गेला. आता त्याच्या वाढदिवसाला, १० ऑक्टोबरला, देशभर झेंडा लावतात.

प्रश्न : फिनलंडचं महाकाव्य 'कालेवाला' वाचायला घेतलं आणि तिसऱ्या पानावर सोडलं. मी चुकतेय का? — आजी, वय ७४

उत्तर : आजी, चुकत काही नाही, तुम्ही ते डोळ्यांनी वाचलंत. ते कानाने घ्यायचं आहे. एलिआस लोन्रोट नावाचा सरकारी डॉक्टर होता, कायानीला, तो सुट्टी काढून कारेलियाच्या खेड्यांतून पायी फिरायचा आणि म्हाताऱ्याकोताऱ्यांकडून गाणी उतरवून घ्यायचा. त्यातून १८३५ ला पहिली आवृत्ती निघाली, ५०० प्रती, आणि त्याही खपायला वर्षं लागली. १८४९ ला वाढवलेली, २२,७९५ ओळी. एक ओळ झाली की पुढच्या ओळीत तेच थोडं फिरवून परत म्हणतात, म्हणून छापलेलं वाचताना कंटाळा येतो. पण जात्यावर बसल्यावर ओवीतली ओळ परत घोळवायचा कंटाळा आला का कधी? हात फिरतोय तोवर तोंड फिरतं.

आणि गंमत बघा, त्या सगळ्या महाकाव्यात ज्या वस्तूवरून मारामारी चालते तो 'सांपो' म्हणजे एक जातंच आहे! एका बाजूने पीठ पडतं, दुसऱ्या बाजूने मीठ, तिसऱ्या बाजूने पैसे. ते समुद्रात पडून फुटतं. गाणी सांगणाऱ्यांना सोनं-हिरे सुचले नाहीत, पीठ-मीठ सुचलं. कीथ बॉस्लीचं १९८९ चं इंग्रजी भाषांतर घ्या, नातवंडाला मोठ्याने वाचायला सांगा, रोज एकच सर्ग, आणि तुम्ही नुसतं ऐका.

प्रश्न : मुलगी नऊ वर्षांची आहे. एवढं बर्फ आणि युद्ध नको, दुसरं काही?

उत्तर : मूमिन! टूव्हे यान्सनची, गोलमटोल ट्रोल कुटुंबाच्या गोष्टींची पुस्तकं. १९४८ चं 'फिन फॅमिली मूमिनट्रोल' आधी, १९४६ चं 'कॉमेट इन मूमिनलँड' नंतर. युद्ध नको म्हणालात, पण खरं सांगायचं तर पहिली मूमिन गोष्ट यान्सनने विंटर वॉरच्या दिवसांतच लिहायला घेतली, छापली १९४५ ला, पुरात हरवलेल्या बाबाला आई आणि पोर शोधतायत अशी. मुलीला हे सांगायची गरज नाही. तुम्ही स्वतः तिचं मोठ्यांसाठीचं 'द समर बुक' (१९७२) वाचा, बेटावर आजी आणि नात, बाकी काही घडत नाही आणि तरी सोडवत नाही. ती स्वीडिश भाषेत लिहायची, फिनलंडमध्ये पाचेक टक्के लोकांची मातृभाषा स्वीडिश आहे.

प्रश्न : ही नावं वाचायची कशी? जीभ अडकते.

उत्तर : आपल्याला तर सोपं जायला हवं. जसं लिहिलं तसं वाचायचं, जोर कायम पहिल्या अक्षरावर, आणि दोन टिंबांचा ए (ä) म्हणजे आपला बॅटमधला 'ॲ'. फक्त ह्रस्व-दीर्घ आणि जोडाक्षर सांभाळा, शाळेत शुद्धलेखनाच्या बाई अर्धा मार्क कापायच्या, इथे अर्थच कापला जातो. 'तुलि' म्हणजे आग, 'तूलि' म्हणजे वारा, 'तुल्लि' म्हणजे कस्टम्स. हेलसिंकीच्या विमानतळावर बॅग घेऊन उभे असाल तर तिसराच शब्द वापरा.